हँडल नसलेली दारं : पोलिश काळा विनोद आणि वेड्यांचं इस्पितळ

खारीक_खोबरं

आमच्या खालच्या मजल्यावर एक आजी राहतात. पोलिशमध्ये बाईमाणसाला 'पानी' म्हणतात, त्यामुळे सहा वर्षं झाली, मी त्यांना जिन्यात रोज 'पाणी, पाणी' करत भेटते. (घरी साताऱ्याला फोनवर हे ऐकून आईला वाटलं पोलंडात, आमच्या व्रोत्स्वाफमध्ये, पाणीकपात आहे.) गेल्या नाताळात त्यांच्याकडे खसखशीचा केक करायला बसलो होतो. अक्रोड फोडायचे होते. आजींनी ड्रॉवरमधून अडकित्ता काढावा तसं एक दाराचं हँडल काढलं. नुसतं हँडल, मागे चौकोनी सळई. पितळी, मधल्या भागावर हाताने घासून चकाकी आलेली. ठाण, ठाण, अक्रोड फुटले.

मी विचारलं, हे काय? तर म्हणाल्या, माझी नोकरी.

आजी १९७० च्या दशकापासून मनोरुग्णालयात नर्स होत्या. तिथल्या वॉर्डांच्या दारांना हँडल नसायचं, फक्त चौकोनी भोक. हँडल नर्सच्या एप्रनच्या खिशात. दार आलं की खिशातून काढायचं, भोकात घालायचं, फिरवायचं, परत खिशात. पोलिशमध्ये वेड्यांच्या इस्पितळाला 'हँडल नसलेली खोली' म्हणतात ते मला तोवर नुसती म्हण वाटत होती.

आणि मग त्या हसल्या. म्हणाल्या, एकदा मी हँडल घरी विसरून ड्यूटीवर गेले. दिवसभर दुसऱ्यांच्या मागे मागे. संध्याकाळी एक पेशंट म्हणाला, "सिस्टर, आता कळलं का?"

तेव्हापासून माझ्या डोक्यात हे घोळतंय, म्हणून धागा. पोलिश लोकांचा या विषयावरचा विनोद भयंकर काळा आहे, आणि तो आपल्याकडच्या 'वेड्यांच्या इस्पितळात एक मंत्री गेला' छाप जोकपेक्षा वेगळा वाटतो. तिकडचं मूळपीठ म्हणजे वित्कात्सी. पूर्ण नाव स्तानिस्वाफ इग्नात्सी वित्किएविच, चित्रकार, नाटककार, सगळंच. १९२३ साली त्याने 'वेडा आणि जोगीण' (जोगीण म्हणजे ख्रिस्ती नन) हे छोटं नाटक लिहिलं. इस्पितळाचं नावच 'मेलेला ससा' अशा धर्तीचं, खानावळीला ठेवावं तसं. आत एक कवी, वालपुर्ग, स्ट्रेटजॅकेटमध्ये आवळलेला. त्याच्या देखरेखीला एक तरुण जोगीण, सिस्टर आना. आणि दोन डॉक्टर. एक जुन्या वळणाचा, बुर्दिगिएल. दुसरा ग्र्यून, फ्रॉइडचा भक्त, ज्याला प्रत्येक गोष्टीत गंड दिसतो.

जोगीण पट्टे सैल करते. पेन्सिल देते. दोघांचं जमतं. पुढे कवी त्याच पेन्सिलीने बुर्दिगिएलच्या कानशिलात भोसकून त्याला ठार करतो. आणि फ्रॉइडवाला डॉक्टर आनंदाने उड्या मारतो! गंड सुटला, पेशंट बरा झाला! पुढे कवी गळफास घेतो. प्रेत तिथेच पडलेलं असताना दारातून तोच कवी नटूनथटून आत येतो, सोबत खून झालेला डॉक्टरही. आनाला घेऊन हे निघतात शहरात फिरायला. ग्र्यून आणि बाकीची मंडळी प्रेतासकट आत.

नाटकाचं उपशीर्षक मला फार आवडतं. आपण म्हणतो ना, जे होतं ते बऱ्यासाठी? तसंच ते पोलिशमध्येही म्हणतात, आणि वित्कात्सीने ते उलटं केलंय: असं कोणतंच वाईट नाही ज्यातून आणखी वाईट निघत नाही.

१९२४ मध्ये तोरुन्यच्या रंगमंचावर हे आलं तेव्हा जोगीण चालेना, म्हणून नाव बदलून 'वेडा आणि नर्स' केलं. खून चालला, गळफास चालला. जोगीण नाही.

---

रविवारची_आमटी

मस्त! वाखु (वाचनखूण) साठवली. पण ताई, नाटक १०० वर्षांपूर्वीचं. मला शनिवारी रात्री बघायला काहीतरी हवंय. पोलिश मालिका नाही का अशी? इस्पितळ, डॉक्टर, चावटपणा?

---

खारीक_खोबरं

@आमटी, इस्पितळाच्या मालिका ढिगाने आहेत. 'ना दोब्रे इ ना झ्वे' १९९९ पासून चालू आहे, आपल्या आईच्या पिढीने चार दिवस सासूचे बघितलं तसं तिकडे बघतात. पण ती गोड आहे. वेड्यांच्या इस्पितळाचा काळा विनोद खरा हवा असेल तर मी म्हणेन, इस्पितळ नसलेली मालिका बघा. दिग्दर्शक बारेयाची 'आल्तेर्नातिव्ही ४'. नऊ भाग. वॉर्सातली नवीकोरी इमारत, अर्धवट बांधलेली, आणि तिचा व्यवस्थापक, ज्याचं आडनाव आहे आनिओउ म्हणजे देवदूत. हा देवदूत भाडेकरूंची पत्रं फोडतो, कोण कोणाकडे गेलं ते टिपतो, सगळ्यांना मिळून गाणं म्हणायला लावतो. मालिका १९८३ मध्ये तयार झाली, दाखवली १९८६ मध्ये. मधली तीन वर्षं डब्यात. आजी म्हणतात, आम्ही ती बघताना म्हणायचो, हा तर आमचा वॉर्ड, फक्त इथे लोकांना घरची चादर मिळते.

---

भीमाकाठ

दोन गोष्टी.

एक. आपल्याकडे गावाचं नाव घेतलं की काम होतं. "याला येरवड्याला नेऊन ठेवा", "ठाण्याहून सुटलेला दिसतोय". विदर्भातले मित्र नागपूर म्हणतात, कोकणातले रत्नागिरी. चार प्रादेशिक मनोरुग्णालयं आणि चारही शिव्या. पोलंडात असं आहे का?

दोन. आमच्या गावाजवळचं पेडगाव. वेड पांघरून पेडगावला जाणे. जगात दुसरं गाव दाखवा ज्याला वेडाचं सोंग घेऊन जाता येतं!

---

खारीक_खोबरं

@भीमाकाठ, अगदी डिट्टो आहे! वॉर्साकर म्हणतात 'त्वोर्की'. प्रुश्कुफजवळचं इस्पितळ, १८९१ चं. क्राकुफवाले 'कोब्येझिन'. बियावीस्तोकच्या बाजूला 'खोरोश्च', हा शब्द उच्चारतानाच जीभ वेडी होते. ऑफिसात एकदा डेडलाइन ऐकून आमचा टेस्टर नुसतंच "त्वोर्की" म्हणाला आणि कॉल कट केला.

पेडगावला जायची सोयही होती. त्याला म्हणतात 'पिवळे कागद'. एखाद्याकडे पिवळे कागद आहेत म्हणजे तो वेडा असल्याचा दाखला आहे. कम्युनिस्ट काळात सैन्यभरती चुकवायला मुलं हे कागद मिळवायची. मग पुढे नोकरी, लायसन, सगळीकडे ते कागद आडवे यायचे. सोंग पांघरलं, पण काढता येईना.

---

मौन_राग

धागा वाचतेय. छान लिहिलंय, पण राहवत नाही म्हणून लिहिते.

'वेड्यांचं इस्पितळ' हा शब्द शीर्षकात घालायलाच हवा होता का? माझा धाकटा भाऊ तीनदा ॲडमिट झालाय. कुठे ते सांगत नाही. पहिल्या वेळी मी आणि बाबा त्याला सोडायला गेलो होतो. काउंटरवर त्याच्या पायजम्याची नाडी काढून घेतली. ती ओढून काढताना शिपायाने हसत म्हटलं, "आता पळ बघू." भाऊ एका हाताने पायजमा धरून चालत गेला, लांबलचक व्हरांडा होता, आणि एकदाही मागे वळून बघितलं नाही. पुढच्या भेटीत स्टीलचा डबा परत पाठवला, प्लॅस्टिकचा आणा म्हणाले. ते मान्य आहे, कारण असतं. पण ते "पळ बघू" मला अकरा वर्षांनी पण ऐकू येतं.

तुमच्या नाटकात कवी पेन्सिलीने डॉक्टरला मारतो आणि प्रेक्षक हसतात. इथे आमचे शेजारी वर्षभर आमच्या घरी चहाला आले नाहीत, कारण त्यांनी असंच काहीतरी बघितलं होतं. माझा भाऊ झुरळ मारत नाही हो.

---

रविवारची_आमटी

मौन_राग, सॉरी. मी 'चावटपणा' लिहिलं ते वाचून आता मलाच कसंतरी झालं.

---

खारीक_खोबरं

मौन_राग, तुमचं बरोबर आहे आणि मी संपादकांना शीर्षक बदलायला सांगू शकते. तुम्ही म्हणाल तसं.

पेन्सिलीबद्दल मात्र थोडं भांडते. त्या नाटकात हशा खुनाला नाही, खून बघून ज्या डॉक्टरला आपला सिद्धांत खरा ठरल्याचा आनंद होतो त्याला आहे. प्रेत पडलंय आणि हा टिपणं काढतोय. तुमच्या शिपायासारखाच. पेशंट काय करेल हा प्रश्न त्याच्या डोक्यातच नाही, आपल्या खिशात हँडल आहे एवढंच त्याला ठाऊक. आपले मंत्र्याचे जोक मला म्हणूनच आवडत नाहीत. त्यात शेवटी हसायचं असतं ते पेशंटला.

पण शेजारी हे बारकावे बघून चहाला येत नाहीत, हेही खरंच. त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

---

मौन_राग

शीर्षक राहू द्या. इतक्या वर्षांत मीच घरात तो शब्द किती वेळा वापरलाय. बाहेरच्याने म्हटलं की टोचतो.

---

जुना_नकाशा

विषय पोलंडचा निघालाच आहे तर जे घडलं ते सांगतो. हे कोणा नाटककाराने लिहिलं असतं तर अतिरेक म्हणून फाडून टाकलं असतं.

पूर्व पोलंडात खेउम नावाचं गाव आहे. तिथल्या मनोरुग्णालयात १२ जानेवारी १९४० ला जर्मन एसएसने (हिटलरच्या नाझी दलाने) चारशेहून जास्त पेशंट गोळ्या घालून मारले. इस्पितळ संपलं. तिथे कोणी उरलं नाही.

त्याच वर्षी जर्मनीतल्या मनोरुग्णालयांतून ज्यू पेशंट वेगळे काढून ठार मारण्यात आले, जर्मनीतच, विषारी वायूने. त्यांच्या घरच्यांना पत्रं येऊ लागली: तुमच्या रुग्णाला खेउमच्या इस्पितळात हलवलं आहे. लेटरहेड, शिक्का, सगळं. काही महिन्यांनी मृत्यूचा दाखला. आणि मधल्या महिन्यांचं बिल! खाण्यापिण्याचा, देखभालीचा खर्च. पत्रं बर्लिनच्या कचेरीत टाइप होत. मग माणूस ती घेऊन पोलंडात जाई, तिथल्या पोस्टाचा शिक्का बसावा म्हणून. मेलेल्या माणसांचा, नसलेल्या इस्पितळातला मुक्काम, आणि त्याची पावती.

क्राकुफच्या कोब्येझिनमध्ये २३ जून १९४२ ला पाचशेहून जास्त पेशंट गाडीत भरून ऑशविट्झला नेले. अंथरुणावरून हलू न शकणारे तिथेच मारले. स्तानिस्वाफ लेम, हो, तोच विज्ञानकथावाला, त्याची पहिली गंभीर कादंबरी अशाच एका इस्पितळावर आहे. १९४८ मध्ये लिहून झाली, सेन्सॉरच्या मागण्या पुरवता पुरवता छापायला १९५५ उजाडलं. लेम स्वतः मेडिकलचा विद्यार्थी होता. कादंबरीत युद्ध दाराशी येईपर्यंत डॉक्टर मंडळी आपापल्या हेव्यादाव्यांत आणि कुतूहलात मश्गूल असतात. वाचताना मधे मधे हसू येतं, आणि मग त्या हसण्याची लाज वाटते.

---

भीमाकाठ

ते बिल वाचून पेडगाव विसरलो.

---

निळी_पट्टी

मी पंधरा वर्षं सायकियाट्रीला काढलीत, सरकारी. आता जनरलला आहे. इथे सगळे हँडलवाल्यांवर तुटून पडलेत म्हणून आमची बाजू.

रात्रपाळी. साठ खाटांचा वॉर्ड, मी, एक मावशी आणि एक मामा. मामा म्हणजे वॉर्डबॉय, नवीन लोकांसाठी. चाव्यांचा जुडगा माझ्या कमरेला. त्याचा आवाज येऊ नये म्हणून मी त्याला बँडेज गुंडाळायचे. झोपलेल्याला जाग येते आणि तो आवाज ऐकून दचकतो, हे मला कोणी शिकवलं नव्हतं, एका आजोबांनी सांगितलं. ते पूर्वी एसटीत कंडक्टर होते. म्हणाले, "सिस्टर, तुमची घंटा वाजली की आमचा थांबा येतो."

नाडीचं सांगते. नाडी काढतात कारण कोणीतरी कधीतरी त्या नाडीने स्वतःला संपवलेलं असतं आणि ते ज्या सिस्टरने बघितलं ती अजून ड्यूटीवर असते. "पळ बघू" म्हणणाऱ्याला मी वॉर्डाबाहेर काढला असता. पण इलॅस्टिकचे पायजमे द्या म्हणून आम्ही लेखी मागणी केली होती. तीन वर्षं लागली. आले ते सगळे एकाच मापाचे. लहान मुलांचे.

ताई, तुमच्या पोलिश लोकांनी यावर नाटक केलं तर सांगा. मी तिकीट काढून येईन.

---

खारीक_खोबरं

निळी_पट्टी, हे वाचून मी आजींकडे जाऊन आले. पायजम्याची गोष्ट मोडक्यातोडक्या पोलिशमध्ये सांगितली. इतक्या हसल्या की चष्मा काढावा लागला. म्हणाल्या, आम्हाला एका वर्षी फक्त डाव्या पायाच्या सपाता आल्या होत्या.

त्यांनी अजून एक सांगितलं. १९९४ पर्यंत पोलंडात मानसिक आरोग्याचा स्वतंत्र कायदाच नव्हता. १९९४ च्या कायद्यात बळजबरी कोणत्या प्रकारची करता येते ते मोजून चारच प्रकार लिहिले: धरून ठेवणं, जबरदस्तीने औषध देणं, बांधणं, वेगळ्या खोलीत ठेवणं. केलं की नोंद करायची. आणि मर्जीविरुद्ध ठेवलेल्या माणसाला भेटायला न्यायाधीशाने इस्पितळात यायचं. आजींच्या वॉर्डात पहिल्यांदा न्यायाधीश आले तेव्हा त्यांच्याकडे हँडल नव्हतं. पेशंटशी बोलून झाल्यावर दहा मिनिटं आतून दार ठोकत होते.

---

निळी_पट्टी

😂 आपल्याकडे २०१७ चा कायदा आहे. साखळदंड बंद, भूल दिल्याशिवाय शॉक बंद, एकट्याला कोंडून ठेवणं बंद. आणि मला सगळ्यात आवडतं ते म्हणजे बरं असताना आधीच लिहून ठेवता येतं, पुढे त्रास झाला तर माझ्यावर कसे उपचार करा, कसे करू नका. हे किती पेशंटना माहीत आहे ते विचारू नका. मौन_राग, भावाला सांगा.

---

त्रयोदशाक्षरी

उशिरा आलो. कोणीच 'जेन श्विरा' काढलं नाही? मारेक कोतेर्स्कीचा २००२ चा चित्रपट. नावाचा अर्थ साधारण 'एका चक्रमाचा दिवस'. त्या वर्षी ग्दिन्याच्या महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार. नायक आदाश, भाषेचा मास्तर, सगळ्या गोष्टी मोजून करणारा. सात हा त्याचा आकडा. इस्पितळ कुठेच नाही, फक्त त्याचा फ्लॅट, आगगाडी, समुद्रकिनारा. पण बाहेरचं जग बघितल्यावर वाटतं, हा आत असता तर सुखी असता.

मला वेड लावलं ते त्यातल्या भाषेने. माणूस शिव्या देतो, शेजाऱ्याच्या कुत्र्यावर खेकसतो, पण त्याची वाक्यं पोलिश महाकाव्याच्या तेरा अक्षरी छंदाला लागलेली असतात. आपल्याकडे कोणी ओवीत रिक्षावाल्याशी सुट्ट्या पैशांवरून भांडला तर कसं होईल, तसं. सबटायटलमध्ये हे सगळं मरतं.

आणि ती प्रार्थना! रात्री इमारतीच्या सगळ्या खिडक्यांतून माणसं एका सुरात देवाला विनवतात, आणि मागणं एकच: शेजाऱ्याचं वाटोळं होऊ दे. आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर हेच चालतं, फक्त छंद बिघडलेला असतो.

---

रविवारची_आमटी

शनिवारचं ठरलं! धन्यवाद त्रयोदशाक्षरी.

अवांतर: त्या वित्कात्सीचं पुढे काय झालं? तो स्वतः तसा होता का?

---

खारीक_खोबरं

'तसा' म्हणजे कसा ते ठरवणं अवघड. पोटासाठी पोर्ट्रेट काढायचा, तर त्यासाठी रीतसर 'फर्म' काढली आणि १९२८ मध्ये तिची नियमावली छापली. गिऱ्हाईक समाधानी असलंच पाहिजे, गैरसमजाला वाव नाही, आणि काढून झालेल्या चित्रावर टीका करायची नाही. चित्रांचे प्रकार अ, ब, क, ड वगैरे ठरलेले. सगळ्यात गुळगुळीत आणि महागडा 'अ'. नशेत काढलेली चित्रं मात्र फुकट, मित्रांसाठी, आणि कोपऱ्यात काय घेतलं होतं त्याची नोंद. चहाचीसुद्धा! (हे मला निळी_पट्टींच्या रजिस्टरसारखं वाटतं.)

१८ सप्टेंबर १९३९. पश्चिमेकडून जर्मन, आणि आदल्या दिवशी पूर्वेकडून सोव्हिएत सैन्य घुसलं. पळून पळून तो ज्या खेड्यात पोचला होता तिथे त्याने जीव दिला. गाव आता युक्रेनमध्ये आहे.

पुढे १९८८ मध्ये सरकारने त्याच्या अस्थी मोठ्या सन्मानाने झाकोपानेला, त्याच्या गावी, आणल्या, आईच्या थडग्यात पुरल्या. बँड, भाषणं, सगळं. कुजबूज थांबेना, म्हणून १९९४ मध्ये थडगं उघडलं. आत एका तरुण बाईचा सांगाडा निघाला. वित्कात्सीचं वय ५४ होतं आणि तोंडात दात फारसे उरले नव्हते. हिचे दात शाबूत.

तेव्हा त्याचा शेवटचा अंक सरकारनेच लिहिला. प्रेत एकाचं, आणि तो स्वतः नटूनथटून दुसरीकडेच.

---

भीमाकाठ

मग ती बाई कोण?

---

खारीक_खोबरं

कोणालाच माहीत नाही. मला या सगळ्यात तिचंच जास्त वाईट वाटतं. तिच्या घरचे कुठे वाट बघत राहिले असतील.

---

मौन_राग

काल रात्री हा धागा भावाला वाचून दाखवला. मुद्दाम सगळा, खेउमचा भाग सोडून. तो त्याने नंतर स्वतः वाचला.

त्याला तुमच्या आजींचं हँडल आवडलं. म्हणाला, आमच्या वेळी कुलूप होतं, क्लास नव्हता. निळी_पट्टींच्या लहान मुलांच्या पायजम्याला पण हसला, म्हणाला, मला मिळाला होता एक, गुडघ्यापर्यंत.

मग त्याने मला एक गोष्ट सांगितली जी अकरा वर्षांत सांगितली नव्हती. दुसऱ्या वेळी राउंडला मोठे डॉक्टर आले, मागे आठ-दहा शिकाऊ. विचारलं, आज वार कोणता? सांगितला. तारीख? सांगितली. देशाचा पंतप्रधान कोण? तर हा म्हणाला, "सर, तुम्ही सकाळपासून सगळ्यांना हेच विचारताय. तुम्हालाही आठवत नसेल तर बाजूची खाट रिकामी आहे."

शिकाऊ पोरं हसली. डॉक्टर पण हसले म्हणे. त्याच संध्याकाळी डोस वाढवला.

---

निळी_पट्टी

डोसचं मी काही बोलत नाही. पण या उत्तराला आमच्या वॉर्डात पैकीच्या पैकी होते. त्याला माझा नमस्कार सांगा. आणि पायजम्याची सॉरी.